लोटणी अडवली कुणी?

आमच्याकडे लोटणी म्हणतात. तुम्ही ट्रॉली म्हणत असाल, खुशाल म्हणा. पण आमच्या हॉस्पिटलच्या स्वयंपाकघरात येऊन ‘ट्रॉली द्या’ म्हणालात तर कोणी मान वर करून बघणार नाही. शब्द इथलाच आहे, नदी ओलांडून पलीकडे गेलं की तो कोणाला कळत नाही. मागे सहा नंबरच्या खाटेवर एक परगावचे आजोबा होते, ते पहिले तीन दिवस मलाच लोटणी समजत होते. ‘लोटणीबाई फार कडक आहेत हो,’ असं त्यांनी सिस्टरना सांगितलं. माझ्या कानावर आलं, पण मी दुरुस्त करायला गेले नाही. कडक आहेच मी.

आता लोटणी म्हणजे काय ते आधी नीट सांगते, म्हणजे पुढे मला थांबावं लागणार नाही.

चार चाकं, तीन कप्पे, एक पोलादी दांडा. वरच्या कप्प्यात सूपचं पातेलं आणि पाव, मधल्यात पथ्याची ताटं, खालच्यात दूध आणि केळी. पण एवढं असून ती लोटणी होत नाही. जेवण भरून वॉर्डाकडे निघाली की ती लोटणी. खरकटी भांडी घेऊन परत येते तेव्हा तीच साधी गाडी. तिला कोणी वाट देत नाही आणि देऊही नये. औषधांची ती औषधगाडी, चादरींची ती चादरगाडी. त्यांना लोटणीचा मान नाही.

मान असा की, लोटणी निघाली की प्रत्येक वळणावर हाक द्यायची, ‘लोटणीऽऽ!’ हाक ऐकली की मधे जो कोणी असेल त्यानं भिंतीला पाठ लावायची. लोटणी थांबते ती फक्त स्ट्रेचरसाठी. दुसऱ्या कोणी अडवलीच, तर ज्यानं अडवली त्यानं ती शेवटच्या खाटेपर्यंत लोटत न्यायची. कोणीही असो.

लोकांना वाटतं ही आमची मिजास. मिजास कसली? आमचं स्वयंपाकघर तळघरात, वॉर्ड दुसऱ्या मजल्यावर, लिफ्ट म्हातारी. बारा वाजता निघालं की शेवटच्या खाटेपर्यंत बावीस मिनिटं लागतात, आणि सूप पंचविसाव्या मिनिटाला निवतं. त्यात साखरेचे पेशंट. त्यांना जेवणाआधी सुई द्यायची असते, आणि सुई दिल्यावर जेवण लांबलं तर माणसाला दरदरून घाम फुटतो. म्हणून आमच्या सिस्टर घड्याळ बघत नाहीत. वॉर्डाच्या दारातली लोटणीची हाक ऐकतात आणि मग सुई उचलतात. हाक नाही तर सुई नाही.

नियम कोणी केला ते मला माहीत नाही. मी सव्वीस वर्षांपूर्वी लागले तेव्हा तो होताच. कुठे लिहिलेला नव्हता. पण वॉर्डबॉय, नातेवाईक, टाय लावून फिरणारे औषध कंपन्यांचे विक्रेते, शिकाऊ डॉक्टर, सगळ्यांना मी लोटायला लावलेलं आहे. आधी तोंड वाकडं करतात, मग हसतात, आणि पुन्हा कधी मधे उभे राहत नाहीत.

गेल्या वर्षी माझी धाकटी जाऊ माझ्या हाताखाली लागली. दिरांचा कारखाना बंद पडला होता आणि ते दिवसभर घरात बसून नळ दुरुस्त करत होते. जे नळ बिघडलेले नव्हते तेसुद्धा. मी वशिला लावला म्हणा, शब्द टाकला म्हणा. आठ महिन्यांची उमेदवारी आणि मग कायम, असं ठरलं. घर दोघींच्या पगारावर चालायचं होतं, त्यामुळे ती कायम होणं किती गरजेचं होतं ते वेगळं सांगायला नको.

धाकटी कामाला वाघ आहे. एकच अडचण. तिला जे सांगाल ते ती अक्षराला अक्षर लावून करते. लग्नानंतर पहिल्याच महिन्यात सासूबाई दुपारी आडव्या होताना तिला म्हणाल्या, ‘मी उठेपर्यंत कोणालाही दार उघडू नकोस.’ दीर अर्ध्या दिवसाची सुट्टी घेऊन लवकर घरी आले. हिनं दार उघडलं नाही. दाराआडून त्यांच्याशी प्रेमानं गप्पा मारल्या, खिडकीतून पाणी दिलं, पण दार उघडलं नाही. दोन तास बिचारे पायरीवर. आमच्या घरात अजून कोणाला उशीर झाला की आमचे हे विचारतात, ‘पायरीवर बसवलं होतं का रे?’

अशा बाईला काहीही शिकवताना जपून बोलायला हवं. मी जपून बोलले नाही. मी तिला नियम शिकवला, आणि नियमाबरोबर मोठ्या डॉक्टरांची गोष्ट सांगितली.

ही गोष्ट मी प्रत्येक नव्या माणसाला सांगते. मोठे डॉक्टर म्हणजे आमचे जुने मुख्य सर्जन, आता निवृत्त. त्यांच्या सावलीलाही लोक घाबरायचे. तर एकदा ते लोटणीच्या मधे आले, मी म्हटलं, ‘डॉक्टर, अडवलीत, आता लोटा,’ आणि त्यांनी ऑपरेशनच्या टोपीसकट तीन वॉर्ड लोटणी लोटली. सूपच्या वाफेनं चष्म्यावर धुकं धरलं तरी थांबले नाहीत. ऐकणाऱ्याचे डोळे मोठे होतात. नियम डोक्यात पक्का बसतो.

धाकटीच्या डोक्यात तो फारच पक्का बसला.

त्या दिवशी आम्ही दुसऱ्या मजल्याच्या वळणावर आलो. ती मागून लोटत होती, मी पुढे. समोर आमचे नवे अधीक्षक साहेब. येऊन तीनच आठवडे झालेले, नदीपलीकडचे, इस्त्रीची घडी मोडू न देणारे. भिंतींना रंग द्यायचा होता म्हणून ते कंत्राटदाराबरोबर मोजमाप घेत होते. मोजपट्टी कॉरिडॉरमध्ये आडवी ताणलेली, एक टोक साहेबांकडे, दुसरं कंत्राटदाराकडे.

धाकटीनं हाक दिली. एकदा, दोनदा, तीनदा. साहेबांनी मागे न बघता एक हात वर केला, थांबा म्हणून.

मी काय केलं ते सांगते, लपवत नाही. मी खाली वाकून चपलेचा पट्टा लावायला लागले. पट्टा लागलेलाच होता. सव्वीस वर्षांची नोकरी, कडक म्हणून नाव, आणि साहेबांची पाठ दिसल्याबरोबर मी पट्टा लावत बसले.

लोटणी चार मिनिटं उभी राहिली. मोजून झाल्यावर साहेब निघाले, तर धाकटी दांडा सोडून बाजूला झाली आणि शांतपणे म्हणाली, “साहेब, तुम्ही लोटणी अडवलीत. आता तुम्ही लोटायची.”

“काय?”

“शेवटच्या खाटेपर्यंत. नियम आहे. मोठ्या डॉक्टरांनी तर तीन वॉर्ड लोटली होती.”

तोवर दोन वॉर्डबॉय आणि अर्धा डझन नातेवाईक जमले होते. कोणीतरी फिस्सकन हसलं. साहेबांचे कान लाल झाले. त्यांनी तिच्या छातीवरचा बिल्ला वाचला आणि ते निघून गेले.

दुसऱ्या दिवशी पत्र आलं. वरिष्ठांशी उद्धट वर्तन, चौकशी गुरुवारी साडेअकरा वाजता, माहिती देण्यासाठी मीही हजर राहायचं. चौकशीचा निकाल लागेपर्यंत कायम करण्याचा विचार होणार नाही, असं खाली लिहिलं होतं. आणि उमेदवारी त्याच शनिवारी संपत होती. कायम नाही म्हणजे सोमवारपासून घरी.

रात्री मी आणि धाकटी भांडी घासत होतो. दीर पाना हातात घेऊन नळाकडे बघत उभे होते. आमच्या ह्यांनी वातावरण हलकं करायला ‘पायरीवर बसवायचं होतंस साहेबांना’ असं म्हणून पाहिलं, पण कोणी हसलं नाही.

धाकटी मात्र निवांत होती. “ताई, काळजी कशाला करता? मोठ्या डॉक्टरांना बोलवू. ते सांगतील ना की त्यांनी लोटली होती.”

माझ्या हातून पातेलं निसटलं.

आता खरं काय ते सांगायलाच हवं. अठरा वर्षांपूर्वी मोठे डॉक्टर घाईत लिफ्टकडे चालले होते. वाटेत माझी गाडी उभी होती. त्यांनी ती पायानं बाजूला सारली. बास. तोंडातून एक शब्द नाही. आणि गाडी तेव्हा रिकामी होती, म्हणजे ती लोटणीसुद्धा नव्हती. पहिल्या वर्षी मी सांगितलं, त्यांनी लोटणी सरकवली. कोणी विशेष लक्ष दिलं नाही. मग एक वॉर्ड झाला. मग दोन. डोक्यावर टोपी मी तिसऱ्या वर्षी घातली. चष्म्यावरची वाफ अलीकडची. तिखटमीठ लावता लावता पदार्थच दुसरा झाला, आणि मलाही आता तो खरा वाटायला लागला होता.

“त्यांना कशाला त्रास,” मी म्हटलं. “म्हातारे झालेत.”

“पण खरं बोलायला काय त्रास?” धाकटी म्हणाली.

गुरुवारी आम्ही दोघी साहेबांच्या खोलीत बसलो. बाजूला एक कारकूनबाई लिहून घ्यायला. साहेब स्वतःही लिहीत होते, कोरा कागद, पट्टीनं आखलेला समास. ते ओरडतील असं वाटलं होतं. तसलं काही नाही. माणूस नुसता नीटनेटका.

“एकेक करून घेऊ,” ते म्हणाले. “आधी शब्द. लोटणी. अर्थ काय?”

धाकटीनं अर्थ सांगितला. भरलेली, रिकामी, औषधगाडी, चादरगाडी, सगळं. साहेबांनी मधेच विचारलं, “समजा निम्मी रिकामी असेल तर?”

“एक जरी ताट द्यायचं राहिलं असेल तरी लोटणीच,” धाकटी म्हणाली.

“ठीक.” त्यांनी लिहिलं. “आता वापर.”

तिनं हाक सांगितली, सुईचं सांगितलं, स्ट्रेचर सांगितलं, अडवणाऱ्यानं काय करायचं ते सांगितलं. सुईचं ऐकताना साहेबांचं पेन थांबलं. हे त्यांना कोणी सांगितलेलं नव्हतं. “म्हणजे परवा माझ्यामुळे सुया चार मिनिटं लांबल्या?”

“सात जणांच्या,” धाकटी म्हणाली.

त्यांनी तेही लिहिलं. मग माझ्याकडे वळले. “तुम्ही इथल्या सगळ्यात जुन्या. अडवणारा कोणीही असो, असं या म्हणतात. कोणीही म्हणजे कोणीही?”

“हो,” मी म्हटलं. माझा आवाज मलाच ऐकू आला नाही.

“पदावरच्या माणसाचं उदाहरण आहे?”

“मोठे डॉक्टर!” धाकटी लगेच म्हणाली. “तीन वॉर्ड. टोपीसकट.”

“त्यांचा नंबर आहे माझ्याकडे,” असं म्हणून साहेबांनी फोन ओढला. “त्यांनी हो म्हटलं की प्रश्न मिटला. तुम्ही प्रथा सांगितलीत, उद्धटपणा नव्हे. तसं लिहून टाकतो.”

आणि नाही म्हटलं तर? तर धाकटी उद्धट आणि वर खोटारडी. नंबर फिरवायला लागले ते. दोन आकडे झाले, तीन झाले. धाकटी माझ्याकडे बघून हसली. अगदी विश्वासानं हसली. ही बाई माझ्या शब्दावर नोकरी ठेवून बसली होती, आणि तो शब्द मी केवळ लोकांचे डोळे मोठे व्हावेत म्हणून वाढवला होता.

“साहेब, फोन ठेवा,” मी म्हटलं. “ते घडलेलं नाही.”

मग मी सगळं सांगितलं. पाय, रिकामी गाडी, वाढत गेलेले वॉर्ड. परवा मी चपलेचा पट्टा लावत होते तेही सांगितलं, जे कोणी विचारलंही नव्हतं. “चूक माझी आहे. हिनं मी शिकवलं तेवढंच केलं. शिक्षा द्यायची तर मला द्या. माझी अजून चार वर्षं आहेत, त्यातली कापून घ्या.”

कारकूनबाईंनी तेही लिहून घेतलं.

“म्हणजे टोपीसुद्धा नव्हती?” धाकटीनं विचारलं.

“नव्हती गं.”

“आणि चष्मा?”

“चष्मा होता. वाफ नव्हती.”

तिनं खुर्ची थोडी बाजूला सरकवली. टीचभरच, पण सरकवली. सव्वीस वर्षांत मला कोणी एवढं लागेल असं बोललं नव्हतं, आणि ही तर बोललीच नव्हती.

साहेबांनी आपला कागद परत पहिल्यापासून वाचला. ‘उदाहरण’ असं लिहून पुढे जागा सोडली होती, ती तशीच कोरी. ते काहीतरी विचारणार एवढ्यात धाकटी उठून उभी राहिली. तिची नजर भिंतीवरच्या घड्याळाकडे होती. बारा वाजून दहा मिनिटं.

“साहेब, लोटणी उभी आहे.”

“कुठे?”

“खाली, स्वयंपाकघराच्या दारात. आमची दोघींची. बारा वाजता निघायला हवी होती.”

“दुसरं कोणी नेईल की.”

“दुसरे दोघं तिसऱ्या मजल्यावर आहेत. दुसऱ्या मजल्यावर अडतीस खाटा. सुया थांबल्यात.”

“मग जा तुम्ही लगेच! चौकशी नंतर पुरी करू.”

“जातो,” धाकटी म्हणाली. पण जागची हलली नाही. मी ओळखलं आता ही काय बोलणार. मी तिचा एप्रन ओढला. चिमटाही काढला. काही उपयोग झाला नाही. “पण साहेब, आज लोटणी अडवली कुणी?”

मी डोळे मिटून घेतले. गेली नोकरी, म्हटलं. हिची, माझी, आणि पुढच्या पिढीचीसुद्धा.

मग एक डोळा हळूच उघडला. साहेब समोरच्या कागदावर बोट ठेवून, आपणच लिहिलेलं वाचत होते. अडवणारा कोणीही असो. कोणीही म्हणजे कोणीही. चौकशीची वेळ त्यांनी ठरवली होती. आम्हाला दोघींना त्यांनी बसवून ठेवलं होतं. त्यांनी पेनला टोपण लावलं, आणि तेव्हा माझ्या लक्षात आलं की हा माणूस आणि आमची धाकटी एकाच मातीचे आहेत. लिहिलं आहे ना, मग करायचं.

“किती वॉर्ड?” त्यांनी विचारलं.

“दोन,” धाकटी म्हणाली.

“चला.”

तळघरातून निघाल्यावर पहिल्या दहा पावलांतच साहेबांनी लिफ्टच्या दाराला लोटणी धडकवली. पातेल्यातलं सूप हिंदकळून त्यांच्या डाव्या बुटावर आलं.

“डावीकडे ओढते ती,” मी म्हटलं. “दांडा उजवीकडे रेटून धरा. आणि पोटानं नाही, खांद्यानं लोटा.”

“हे कुठे लिहिलेलं नाही का?”

“नाही, साहेब. काहीच लिहिलेलं नाही.”

दुसऱ्या मजल्यावर लिफ्टचं दार उघडलं, तर कॉरिडॉर माणसांनी भरलेला. भेटायची वेळ. साहेब म्हणाले, “जरा बाजूला होता का, प्लीज?” कोणी हललं नाही. एका बाईंनी तर लोटणीच्या कडेवर आपली पिशवी टेकवली. साहेब खाकरले. पुन्हा प्लीज म्हणाले.

“शब्द म्हणा, साहेब,” धाकटी मागून म्हणाली.

“लोटणी,” साहेब पुटपुटले. चोरून म्हणावं तसं.

“अहो, असं नाही. शेवट ओढायचा.”

साहेबांनी एकदा मागे बघितलं, एकदा पुढे बघितलं, छाती भरून श्वास घेतला.

“लोटणीऽऽऽ!”

काय आवाज निघाला! इस्त्रीच्या शर्टात एवढा आवाज असेल असं कोणाला वाटलं नसतं. सगळा कॉरिडॉर एका दमात भिंतीला चिकटला. पिशवीवाल्या बाई पिशवीसकट चिकटल्या. पुढच्या वळणावर तोच कंत्राटदार मोजपट्टी आडवी ताणून उभा होता. त्यानं दचकून टोक सोडलं आणि पट्टी सर्रकन आपल्या डबीत जाऊन बसली. साहेब त्याच्या समोरून लोटणी घेऊन गेले. त्याचा आ वासलेला तसाच राहिला.

वॉर्डाच्या दारात हाक पोहोचली आणि आत सिस्टरनी वर न बघता सुयांचा ट्रे उचलला. “आज उशीर का गं?” म्हणत त्या वळल्या आणि समोर अधीक्षक. सिस्टरना तेवीस वर्षं झाली, पण असं काही बघितलं नव्हतं. तरी बाई पक्की. “पहिली सुई चार नंबरला,” एवढंच म्हणाल्या, “तुम्ही तिकडूनच सुरू करा.”

साहेबांनी अडतीस खाटा केल्या. ताटं आम्ही दिली, लोटली त्यांनी. अकरा नंबरचे आजोबा त्यांना ओळखत नव्हते. त्यांनी एक चमचा तोंडात घातला आणि वाटी परत पुढे केली. “गार आहे हो. नवीन आहात का?”

साहेबांनी वाटीला बाहेरून हात लावला. थोडा वेळ तसाच धरून ठेवला. “हो, नवीन आहे,” ते म्हणाले. “उद्या गरम मिळेल.”

त्यांचा चेहरा बघून मला वाटलं, आता यांना वेगळं काही समजावून सांगायला नको.

धाकटी माझ्याशी दोन दिवस बोलली नाही. घरात मीठ हवं असलं तरी दिरांमार्फत मागायची. ‘वहिनी, ही म्हणते मीठ द्या,’ आणि मी शेजारीच उभी. मी चिडले, मग रडले, मग परत चिडले. शनिवारी दुपारी साहेबांचा शिपाई दोन कागद घेऊन आला. एक धाकटीच्या नावचा होता. तो तिनं वाचला, घडी घातली, परत उघडून वाचला. मग माझ्याकडे आली आणि माझ्या गळ्यातच पडली. “ताई, कायम झाले!” ती म्हणाली, आणि लगेच, तशीच गळ्यात असताना, “पण टोपीचं खोटं सांगायला नको होतं तुम्ही.”

“नको होतं,” मी म्हटलं. दोघी स्वयंपाकघराच्या मधोमध उभ्या राहून रडलो आणि हसलो, आणि दूध उतू गेलं. संध्याकाळी दिरांनी पाना पेटीत ठेवला. त्यानंतर आमच्या घरातला एकही नळ गळलेला नाही.

दुसरा कागद स्वयंपाकघरासाठी होता. तो आता दाराशेजारी काचेत लावलेला आहे, समास आखलेला, साहेबांच्या अक्षरात. वर ‘लोटणी’. खाली अर्थ. त्याखाली वापर, हाक, स्ट्रेचर, सुई, दांडा उजवीकडे रेटण्यासकट. मग अडवणाऱ्याबद्दल, कोणीही असो. शेवटी उदाहरण. तिथे एकच शब्द आहे, ‘मी’, आणि खाली सही.

नवीन माणूस लागलं की मी अजून गोष्ट सांगते, पण आता साहेबांची. गंमत अशी की मोठ्या डॉक्टरांची गोष्ट अठरा वर्षं सगळ्यांना पटली, आणि ही कोणाला पटत नाही. ‘मावशी, काहीतरीच तुमचं,’ म्हणतात. मग मी काचेकडे बोट दाखवते. ते वाचतात, आणि मग डोळे मोठे होतात. त्या वेळी मला फार वाटतं, की साहेबांना एखादा वॉर्ड वाढवून द्यावा, डोक्यावर काहीतरी घालावं. अगदी जिभेवर येतं. पण धाकटी शेजारी उभी असते.

“दोनच वॉर्ड,” मी सांगते. “आणि डोक्यावर काही नव्हतं.”